किल्ल्याच्या पायातले शिसे आणि आपल्या विहाराची सळई

आपल्या विहाराला यंदा पंचवीस वर्षे पूर्ण होत आहेत. पंचवीस वर्षांच्या सोहळ्याला आपण रौप्य महोत्सव म्हणतो आणि पन्नास वर्षांच्या सोहळ्याला सुवर्ण महोत्सव. रौप्य म्हणजे चांदी, सुवर्ण म्हणजे सोने. पण चांदी-सोन्याच्या आधारावर कुठलीही इमारत उभी राहिलेली मी पाहिली नाही. इमारतीला आधार देतात ते लोखंड, तांबे, शिसे असे साधे धातू, आणि ते बहुतेक वेळा दगडात नाही तर सिमेंटात लपलेले असतात. त्यांच्याकडे कुणाचे लक्ष जात नाही. ते बिघडले म्हणजे मात्र सगळ्यांचे लक्ष जाते.

स्मरणिका समितीने मला गिरणीतल्या आठवणी लिहा म्हणून सांगितले होते. मी म्हटले, गिरणीच्या आठवणी पुष्कळांनी लिहिल्या आहेत, मी धातूंवर लिहितो. मी इतिहासाचा पदवीधर नाही. दहावी झाल्यावर मालवणहून एस.टी. पकडून मुंबईला गेलो, लालबाग-परळ भागातल्या एका गिरणीत बदली कामगार म्हणून लागलो, पुढे मेकॅनिक खात्यात हेल्पर झालो आणि मग फिटर. गिरणी बंद पडली तेव्हा गावी परत आलो. लोखंडाची ओळख खात्यात झाली, इतिहासाची ओळख चळवळीतल्या मित्रांनी दिलेल्या पुस्तकांतून आणि वाचनालयात बसून झाली. दोन्ही ओळखी एकत्र करून जे समजले ते इथे मांडतो. चूकभूल द्यावी घ्यावी.

मुद्दा एकच आहे, तो आधीच सांगतो. जुन्या लोकांनी कुठला धातू कुठे घालायचा हे जाणले आणि त्यांच्यामागे कुणीतरी त्याची निगा राखली, म्हणून त्यांच्या इमारती टिकल्या. ही निगा आपण आपल्या विहाराची राखली का, हा प्रश्न शेवटी विचारणार आहे.

सिंधुदुर्ग आणि पाच खंडी शिसे

आपल्या डोळ्यांसमोरचे उदाहरण म्हणजे सिंधुदुर्ग. मालवणच्या किनाऱ्यासमोर कुरटे नावाच्या बेटावर छत्रपती शिवाजी महाराजांनी १६६४ साली या किल्ल्याचे काम सुरू केले आणि १६६७ साली ते पुरे झाले. सुमारे अठ्ठेचाळीस एकरांचे बेट, जवळजवळ तीन किलोमीटर लांबीचा नागमोडी तट, तीस फूट उंची आणि बारा फूट जाडी. २०१० साली हा किल्ला राष्ट्रीय महत्त्वाचे स्मारक म्हणून जाहीर झाला आणि ११ जुलै २०२५ रोजी युनेस्कोने मराठ्यांचे जे बारा किल्ले जागतिक वारशाच्या यादीत घेतले, त्यात सिंधुदुर्ग आणि विजयदुर्ग हे आपल्या जिल्ह्यातले दोन आहेत. ही आपणा सर्वांच्या अभिमानाची गोष्ट आहे.

लहानपणापासून आपण ऐकत आलो की किल्ल्याचा पाया शिशाच्या रसात बसवला. होडीतून पर्यटक नेणारी मुलेही हेच सांगतात. पाच खंडी शिसे लागले असे परंपरा सांगते, काही पुस्तकांत चार हजार पौंड असा आकडा येतो. आता आम्हा फिटर लोकांना एक खोड असते. कुणी वजन सांगितले की त्याचे आकारमान किती, हे आम्ही मनात काढतो. म्हणून एकदा वहीवर हिशेब मांडला.

शिसे हा फार जड धातू. एक लिटर पाणी एक किलो भरते, तर एक लिटर शिसे अकरा किलोच्या वर भरते. चार हजार पौंड म्हणजे अठराशे किलो धरा. त्याचे आकारमान होते फक्त एकशे साठ लिटर. पावणेदोन फूट लांब, तितकीच रुंद आणि तितकीच उंच अशी एक पेटी केली तर ते सगळे शिसे त्यात मावेल! खंडीचा हिशेब घेतला, वीस मणांची खंडी आणि मण चाळीस किलोचा धरला, तरी पाच खंडींचे साडेतीनशे लिटर होतात. तीन किलोमीटरच्या तटावर ते सारखे वाटले तर दर मीटरला किती आले? एक कप चहा. चार हजार पौंडांच्या हिशेबाने अर्धा कप.

हा हिशेब मांडून मी बराच वेळ बसलो होतो. पहिल्यांदा वाटले, मग काय ही सगळी दंतकथा? नंतर लक्षात आले की दंतकथा म्हणून सोडून देण्याची गरज नाही, अर्थ नीट लावण्याची गरज आहे. आकडा खरा असेल तर सगळा पाया शिशात बुडवलेला असणे शक्य नाही. जिथे लाटेचा मार सर्वांत जास्त, जिथे चुना धरायच्या आत पाणी तो धुऊन नेणार, अशा निवडक दगडांच्या सांध्यांतच ते गेले असणार. बाकीचा भार दगडाच्या घडाईने आणि चुन्याने उचलला. आपल्या किनाऱ्यावर शिंपल्या आणि कालवांची कवचे भाजून चुना करीत, हे आपल्या आज्या-पणज्यांना ठाऊक होते.

पण शिसेच का? लोखंड का नाही? याची उत्तरे गिरणीत मिळाली. आमच्या खात्यात जुन्या बिडाच्या पाइपांचे सांधे शिशाने भरीत. पाइपात पाइप घालायचा, फटीत काथ्या ठोकायचा आणि वरून वितळलेले शिसे ओतून छिन्नीने ठोकून बसवायचे. शिसे ३२७ अंशाला वितळते. कोळशाच्या शेगडीवर लोखंडी पळीत त्याचा रस होतो. लोखंडाचा रस करायला १५०० अंशांच्या वर उष्णता लागते, ते बेटावर करण्यासारखे काम नव्हे. शिसे मऊ असते, दगड थोडा हलला तर ते दबते, तडकत नाही. आणि मुख्य म्हणजे ते लोखंडासारखे गंजत नाही. हवा लागली की त्यावर करड्या रंगाचा पातळ थर बसतो आणि तोच थर आतल्या धातूला सांभाळतो.

आणखी एक गोष्ट पुस्तकात सापडणार नाही, ती आमच्या जुन्या फिटरने मला पहिल्याच दिवशी सांगितली होती. ओल्या फटीत वितळलेले शिसे कधी ओतायचे नाही. पाण्याची एकदम वाफ होते आणि रस उसळून तोंडावर येतो. आता विचार करा, भर समुद्रात, लाटांच्या शिंतोड्यात शिसे ओतायचे. म्हणजे ओहोटीची वेळ साधायची, सांधा उपसायचा, पुसून कोरडा करायचा, शेकायचा, आणि भरती यायच्या आत ओतून मोकळे व्हायचे. शिशाची वाफ आणि धूळ पोटात गेली की माणूस खंगतो, ते वेगळेच. पाचशे पाथरवट, दोनशे लोहार आणि तीन हजार मजूर तिथे राबले असे सांगितले जाते. बांधकाम पाहणाऱ्या हिरोजी इंदुलकरांचे नाव परंपरेने जपले. ज्याच्या हातात ती पळी होती त्याचे नाव कुठेही नाही. त्याची आठवण काढायची तर त्याचे काम समजून घेणे, एवढाच मार्ग आपल्याला उरतो.

अशोकाच्या स्तंभातला तांब्याचा खिळा

इथे कुणी म्हणेल, ही हुशारी मराठेशाहीतली. तसे नाही. ती त्याच्या फार आधीची आहे, आणि आपल्या धम्माच्या इतिहासाशी तिचा जवळचा संबंध आहे.

बिहारमध्ये नेपाळच्या सीमेजवळ रामपुरवा म्हणून गाव आहे. तिथे सम्राट अशोकाचे स्तंभ सापडले. त्यातल्या एका स्तंभावर सिंहाचे शीर्ष होते. एवढा जड दगडी सिंह खांबाच्या टोकावर बसवला कसा? एकोणिसाव्या शतकात तिथे खोदकाम झाले, तेव्हा त्याचे उत्तर हाती आले. खांबाच्या माथ्यात भोक, शीर्षाच्या बुडात भोक आणि दोन्हींत अर्धा-अर्धा बसणारा सुमारे दोन फूट लांबीचा तांब्याचा भरीव खिळा. मधे जाड आणि दोन्ही टोकांकडे निमुळता, पिंपासारखा. सव्वादोन हजार वर्षांपूर्वीचा हा खिळा धडधाकट सापडला.

त्या काळी लोखंड नव्हते असे नाही. लोखंडी हत्यारे चांगली प्रचारात होती. तरी कारागिराने तांबे निवडले. त्याला ठाऊक असले पाहिजे की दगडाच्या पोटात लोखंड घातले तर ते एक दिवस गंजणार आणि दगड फोडणार. तांबे हिरवे पडते, पण फुगून दगड फोडीत नाही.

आपल्या महाराष्ट्रातला पुरावा म्हणजे सोपारा. आजचे नालासोपारा, वसईच्या बाजूला. तिथल्या बुरूड राजाचा कोट नावाच्या टेकाडाखाली स्तूप होता. १८८२ साली पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी तो उकरला. आत दगडाचा मोठा करंडा निघाला. त्या करंड्यात मधोमध तांब्याचा करंडक आणि त्याच्याभोवती कांस्याच्या आठ बुद्धमूर्ती, म्हणजे सात होऊन गेलेले बुद्ध आणि आठवा भावी मैत्रेय. तांब्याच्या करंडकात चांदीचा, त्यात दगडाचा, त्यात स्फटिकाचा आणि सर्वांत आत सोन्याचा. सोन्याच्या डबीत काय असेल? मातीच्या भांड्याचे तेरा तुकडे. ते तथागतांच्या भिक्षापात्राचे असावेत असे भगवानलालांचे मत होते. हा ठेवा मुंबईच्या एशियाटिक सोसायटीकडे आहे.

या रचनेकडे फिटरच्या नजरेने पाहा. बाहेर दगड, म्हणजे मातीची ओल थेट आत जायला नको. मग तांबे, ते स्वतः हिरवे पडते पण आत काही जाऊ देत नाही. मग चांदी. ज्याला काहीच होत नाही ते सोने सर्वांत आत. आणि एवढे पाच पदर कशासाठी? तर मातीच्या खापरासाठी! किंमत धातूची नव्हती, ज्याला सांभाळायचे त्याची होती. धातूला राखणदाराचे काम दिले होते.

लोखंडाचा स्वभाव

लोखंड वाईट नाही. आमच्या गिरण्या लोखंडावरच उभ्या होत्या. कावसजी नानाभाई दावर यांनी १८५४ साली ताडदेवला मुंबईची पहिली कापड गिरणी काढली, त्यानंतर उभ्या राहिलेल्या कितीतरी गिरण्यांत मजल्यांचा भार बिडाच्या खांबांवर असे. बीड दाबाला फार चिवट, पण वाकवायला गेले की तुटते. म्हणून बिडाचा खांब चालतो, तुळईला ते भरवशाचे नाही. काळा घोड्याजवळ वॉटसन हॉटेलची इमारत आहे, तिचा बिडाचा सांगाडा १८६० च्या दशकात इंग्लंडमध्ये ओतून जहाजाने मुंबईत आणला आणि इथे जोडला. ७ जुलै १८९६ रोजी याच इमारतीत ल्युमिए बंधूंचा चित्रपट दाखवला गेला, हिंदुस्थानातला पहिला. पुढे तिच्याकडे नीट पाहिले गेले नाही, आत भाडेकरूंनी हवे तसे बदल केले, आणि २००५ साली तिचा काही भाग कोसळला. आमच्या गिरण्या बंद पडल्यावर तर बिडाचे खांब भंगाराच्या भावाने किलोवर गेले. इमारती कोसळल्या नव्हत्या, त्या पाडल्या. ते दुःख वेगळे.

लोखंडाचा खरा शत्रू पाणी, आणि त्याहून मोठा शत्रू खारे पाणी. गंज म्हणजे लोखंड परत मातीकडे निघाले. रेडीच्या खाणीतली तांबडी माती आपण पाहिली आहे. तिच्यातून लोखंड काढायला भट्टीत केवढी आग लागते! हवा आणि पाणी मिळून तेच लोखंड पुन्हा तांबड्या मातीसारखे करून टाकतात. आणि असे होताना ते फुगते. मूळ लोखंडाच्या दुप्पट ते सहापट जागा गंज मागतो. मोकळ्या जागेत असेल तर पापुद्रे होऊन गळून पडते. दगडात कोंडलेले असेल तर दगडच फोडते.

जगातली नामांकित इमारतसुद्धा यातून सुटली नाही. ग्रीस देशात अथेन्सला पार्थेनॉन नावाचे संगमरवरी मंदिर आहे, अडीच हजार वर्षांपूर्वीचे. त्याचे दगड एकमेकांना लोखंडी आकड्यांनी जोडलेले होते. पण ते ग्रीक कारागीर शहाणे. प्रत्येक आकड्याभोवती त्यांनी शिसे ओतले होते. शिशाच्या वेष्टणात ते लोखंड शतकानुशतके टिकले. पुढे १८९८ नंतर आणि १९२० ते १९३० च्या दशकांत तिथे मोठी डागडुजी झाली, तेव्हा नवे लोखंडी आकडे घातले आणि त्यांना शिसे घातलेच नाही. पुढच्या काही दशकांत ते गंजले, फुगले आणि त्यांनी संगमरवर चिरला. शेवटी १९७५ मध्ये नेमलेल्या समितीच्या देखरेखीखाली ते आकडे काढून टिटॅनियम धातूचे घालायला सुरुवात झाली. म्हणजे जुने बांधकाम बिघडवले ते दुरुस्तीने! ज्या टिटॅनियमने ते सावरले, त्याचे खनिज आपल्या शेजारी रत्नागिरीच्या किनाऱ्यावरच्या काळ्या वाळूत सापडते, हेही ध्यानात ठेवावे.

राजकोटचा धडा

आता आपल्या दारातली गोष्ट. ४ डिसेंबर २०२३ रोजी नौदल दिनाच्या दिवशी मालवणच्या राजकोट किल्ल्यावर शिवाजी महाराजांचा पस्तीस फुटी पुतळा बसवला गेला. २६ ऑगस्ट २०२४ रोजी तो कोसळला. नऊ महिनेही झाले नव्हते. समोर पाण्यात साडेतीनशे वर्षांचा सिंधुदुर्ग उभा आणि इकडे पुतळा खाली. ते दृश्य बघून इथल्या म्हाताऱ्या माणसांच्या डोळ्यांत पाणी आले.

त्यावर राजकारण खूप झाले, त्यात मी जात नाही. फिटरला जे दिसते तेवढेच सांगतो. पुतळ्याचे नटबोल्ट खाऱ्या वाऱ्याने आणि पावसाने गंजल्याचे पत्र स्थानिक अभियंत्याने २० ऑगस्टलाच दिले होते, अशा बातम्या आल्या. नंतरच्या चौकशीतही सांगाड्याचा गंज आणि चुकीचे वेल्डिंग ही कारणे पुढे आली. म्हणजे बाहेरून दिसणारा धातू ठीक होता, आतला न दिसणारा धातू दगा देऊन गेला.

पुतळ्याच्या पोटातले लोखंड ही जुनी दुखणी आहे. न्यूयॉर्कच्या बंदरात स्वातंत्र्यदेवतेचा पुतळा आहे, १८८६ साली उभारलेला. बाहेरून तांब्याचा पत्रा, आतून लोखंडाच्या पट्ट्या. समुद्राच्या काठी तांबे आणि लोखंड एकमेकांना चिकटून राहिले आणि मधे खारे पाणी आले की बॅटरीच तयार होते. त्यात लोखंड झिजते, तांबे वाचते. हे त्या वेळच्या कारागिरांना माहीत होते, म्हणून त्यांनी दोघांच्या मधे लाखेत भिजवलेले अॅस्बेस्टॉसचे कापड घातले होते. पण ते कापड काळाच्या ओघात निकामी झाले आणि उलट पाणी धरून ठेवू लागले. १९८४ ते १९८६ या काळात हजाराहून जास्त लोखंडी पट्ट्या काढून तिथे स्टेनलेस स्टीलच्या घातल्या, मधे टेफ्लॉनचे अस्तर दिले. शंभर वर्षांनी का होईना, त्यांनी पोट उघडून पाहिले आणि पुतळा वाचवला.

ही विद्या आपल्या ट्रॉलरवाल्यांनाही ठाऊक आहे. पंख्याजवळ जस्ताचा तुकडा लावतात तो कशाला? पाण्याने आधी जस्त खावे, पंखा आणि शाफ्ट वाचावा म्हणून. तुकडा झिजला की नवा लावतात. नवा लावायला विसरले तर पंखा जातो. सगळी गोष्ट या विसरण्यात आहे.

राजकोटला ११ मे २०२५ रोजी नवा, आधीपेक्षा उंच पुतळा उभा राहिला. आतल्या आधाराला स्टेनलेस स्टील वापरल्याचे सांगण्यात आले. चांगली गोष्ट आहे. पण समुद्राच्या काठी स्टेनलेस स्टीललाही गोड्या पाण्याने धुवावे लागते, नाही तर मिठाने त्यालाही बारीक खड्डे पडतात. उद्घाटनाच्या दिवशी माणसे खूप येतात, चौथ्या वर्षी पाण्याचा पाइप घेऊन कोण येणार, हे ठरवून ठेवायला हवे.

आता आपल्या विहाराकडे

इतरांची उणीदुणी काढून झाली, आता स्वतःकडे वळतो. हे लिहिताना मला संकोच वाटतो, पण रौप्य महोत्सवाच्या स्मरणिकेत फक्त गौरव छापायचा आणि खरे दडवायचे, हे बरे नव्हे.

आपल्या विहाराच्या भिंती चिऱ्याच्या, वर स्लॅब. पंचवीस वर्षांपूर्वी वर्गणीतून, श्रमदानातून ते उभे राहिले. मुंबईच्या मंडळाने पैसे पाठवले, वाडीतल्या आयाबहिणींनी डोक्यावरून घमेली वाहिली. त्या वेळी मी नुकताच गावी परतलो होतो. पैसे संपत आले होते आणि कर्ली नदीच्या वरच्या अंगाची गोडी वाळू परवडेना. तेव्हा कुणीतरी म्हणाले, किनारा काय आपला नाही? दोन दिवस किनाऱ्यावरची वाळू वाहिली. मी एक मूठ उचलली, जिभेला लावली, खारट लागली. गिरणीत खाऱ्या पाण्याने पाइपांची काय गत होते हे मी पाहिले होते. मी बोलायला हवे होते. पण सगळे आनंदात होते, पावसाळा तोंडावर होता, आणि एवढ्या माणसांपुढे 'काम थांबवा' म्हणायला माझी जीभ उचलली नाही. त्या दिवशी मी गप्प राहिलो.

त्याचे फळ आज छताला दिसते. उत्तरेकडच्या कोपऱ्यात गिलाव्याला फुगवटा, तांबडे ओघळ, दोन ठिकाणी सळई उघडी. कारण सोपे आहे. सिमेंटच्या पोटात लोखंडावर एक पातळ संरक्षक थर तयार होतो, त्यामुळे एरवी सळई गंजत नाही. मीठ तो थर फोडते. मग सळई गंजते, फुगते आणि स्लॅबच्या खपल्या पाडते. दगड चिरणाऱ्या त्या पार्थेनॉनच्या आकड्यांची आणि आपल्या सळईची जात एकच.

यावर मागच्या बैठकीत चर्चा झाली. काही तरुणांचे म्हणणे पडले की सगळे पाडून नवे संगमरवरी विहार बांधू. त्यांची भावना मी समजतो. पण बैठकीत मागे बसलेली एक आजी, जिने त्या वेळी घमेली वाहिली होती, ती एवढेच म्हणाली, "मोडूक येळ लागणा नाय रे झिला, बांदूक लागता." मला तिचे म्हणणे पटते. भिंतीच्या चिऱ्याला काही झालेले नाही. दुखणे लोखंडात आहे, उपाय लोखंडावर करावा.

म्हणून समितीपुढे आणि सर्व उपासक-उपासिकांपुढे काही गोष्टी ठेवतो.

पहिली, जाणत्या अभियंत्याकडून स्लॅब ठोकून तपासावा आणि काँक्रीटमध्ये मीठ किती आहे त्याची परीक्षा करून घ्यावी. मीठ एका कोपऱ्यापुरते असेल तर सैल भाग सळईच्या मागपर्यंत काढावा, सळई घासून स्वच्छ करावी, झिजली असेल तिथे जोडसळई द्यावी, गंजरोधक लेप लावून चांगल्या मालाने भरावे. पण मीठ सगळीकडे असेल तर नुसती ठिगळे लावू नयेत, कारण ठिगळाच्या कडेने गंज पुन्हा सुरू होतो. तशी वेळ आली तर स्लॅब नवा घालावा, भिंती राखाव्यात.

दुसरी, नव्या कामात वाळू गोडी, पाणी गोडे. या वेळी ती चव मीच घेईन आणि खारट लागली तर मोठ्याने सांगेन.

तिसरी, ध्वजस्तंभाचा लोखंडी पाइप ओट्यात जिथे शिरतो तिथे पाणी साचते. गंज तिथेच धरतो, वरचा रंग कितीही चकचकीत असला तरी. त्या जागी उतार करून घ्यावा आणि दरवर्षी पावसाळ्यानंतर खरवडून रंग द्यावा.

चौथी, पितळी घंटा आणि देणगीदारांची पितळी पाटी दर आठवड्याला चिंच-राखेने घासणे बंद करावे. प्रत्येक घासणीत थोडे पितळ जाते. पाटीवरची पहिली काही नावे आताच पुसट झाली आहेत. ज्यांनी पहिले पैसे दिले त्यांची नावे आपण भक्तीने पुसतो आहोत! गोड्या पाण्याने धुवावे, कोरड्या कापडाने पुसावे, वर्षातून एकदा मेण लावावे. मूर्तीवर हिरवी भुकटी दिसली तर घासू नये, जाणकाराला दाखवावे.

पाचवी, या सगळ्याची एक वही ठेवावी. कुठल्या तारखेला काय पाहिले, काय दुरुस्त केले, कुणी केले. गिरणीत प्रत्येक मशीनची अशी वही असे. मशीन कुणी बनवले ते तिच्या पाटीवर लिहिलेले असे, पण ती चालत होती ती वहीमुळे.

सिंधुदुर्गात शिसे ओतणाऱ्या कामगाराचे नाव आपल्याला सापडत नाही. आपल्या वहीत मात्र नावे राहतील. पंचवीस वर्षांनी सुवर्ण महोत्सव होईल, तेव्हा मी असेन की नसेन. त्या वेळच्या मुलांनी वही उघडावी, छताकडे बघावे, आणि आम्ही काय केले ते स्वतःच ठरवावे.